पंख्याच्या बाजूची पाकळी

मथुरा हरिहर भातडे हिला कुणी विचारलं, की तू रत्नागिरीत काय करतेस, तर ती सांगते, "काचा घासते." ऐकणाऱ्याला वाटतं, बाई कुणाच्या तरी घरी धुण्याभांड्याला जाते. लग्नानंतर सहा वर्षांनी ती कामाला लागली तेव्हा तिच्या सासूनं, आनंदीबाईंनी, हाच समज करून घेतला आणि वाडीत चार घरी तोच पोचवला. घरची भांडी तशीच टाकून ही गावची घासायला जाते, असं त्या म्हणत. मथुरानं तो समज कधी दुरुस्त केला नाही. दुरुस्त करायचा तर भिंग म्हणजे काय, नंबर म्हणजे काय, इथपासून सुरुवात करावी लागली असती, आणि सुनेकडून काही समजून घेणं हे आनंदीबाईंच्या स्वभावात नव्हतं.

मथुराचं माहेर पूर्णगडचं. वडील खाडीत होडी घालायचे. शाळेत ती भूमितीत फार हुशार होती. प्रमेय लिहायला घेतलं की आधी पट्टीनं समास आखायची, मग पक्ष, मग साध्य, मग सिद्धता, आणि शेवटी 'हेच सिद्ध करायचे होते' हे वाक्य जरा मोठ्या अक्षरात. ते वाक्य लिहिताना तिला जे वाटायचं ते पुढं लग्नातसुद्धा वाटलं नाही, असं ती एकदा हरिहरला म्हणाली होती आणि तो दोन दिवस गप्प होता. दहावीला इंग्रजीत सहा गुण कमी पडले. दोन वर्षांनी मे महिन्यात तिला पावसच्या अलीकडच्या या वाडीत दिलं. हरिहर टेम्पो चालवतो. हंगामात आंबा, एरवी जे मिळेल ते. माणूस भला, फक्त कुणाशी वाद घालायची वेळ आली की त्याला टेम्पोचं काहीतरी काम आठवतं.

रत्नागिरीच्या बाजारात कौसरभाभींचं चष्म्याचं दुकान आहे. भाभींचे यजमान कुवेतला हे काम शिकून आले होते. मथुरा तिथं झाडलोट करायला म्हणून लागली आणि बघून बघून शिकली. पहिल्याच वर्षी तिनं एका मास्तरणीच्या चष्म्यात उजवी काच डावीकडं आणि डावी उजवीकडं बसवली. भाभींच्या यजमानांनी ओरडाआरडा केला नाही. त्यांनी एवढंच सांगितलं, की चष्मा समोरून बघायचा नसतो, घालणाऱ्याच्या बाजूनं बघायचा असतो. ते वारले, भाभींनी दुकान चालू ठेवलं, प्लास्टिकच्या काचा कापणारं यंत्र आलं. पण जड नंबरची खरी काच आली, की ती अजून मागच्या खोलीत मथुराच्या ओल्या चाकावरच घासली जाते. वाळूसारखा आवाज येतो. बोटाला कड कळते. केसाएवढं जास्त गेलं तर काच वाया.

खुर्शीद सर दुकानाचे जुने गिऱ्हाईक. कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवून निवृत्त झालेले, नंबर उणे चौदा, आणि हट्ट असा की काच ती काचेचीच हवी. फ्रेम बदलायची नाही हा दुसरा हट्ट. चष्मा काढून दिला की त्यांना स्वतःचा हातसुद्धा धड दिसत नसे, म्हणून नवी काच बसेपर्यंत ते मागच्या खोलीच्या दारात स्टुलावर बसून राहत आणि बोलत. चाळीस वर्षं वर्गात बोललेला माणूस. समोर कोण बसलंय ते दिसलं नाही म्हणून बोलणं थोडंच अडतं.

एकदा ते म्हणाले, की मथुराबाई, तुमच्या धंद्यात एक फार मोठा माणूस होऊन गेलाय. मथुराला वाटलं, मुंबईच्या कुठल्या कंपनीचा मालक असेल. सरांनी सांगितलं, तसा नाही, साडेतीनशे वर्षांपूर्वी हॉलंडमध्ये होता, भिंगं घासून पोट भरायचा आणि उरलेल्या वेळात विचार करायचा. त्याचं नाव बारूख स्पिनोझा. चाकाच्या आवाजात मथुरानं 'बारीक' असं ऐकलं. माणूस अंगानं किरकोळ आणि छातीनं दुबळा होता, हे पुढं कळल्यावर नाव शोभतं असंही तिला वाटलं. खरं नाव तिला दोन महिन्यांनी समजलं, पण तोवर उशीर झाला होता. ती आणि कौसरभाभी आजही त्याला बारीकच म्हणतात.

पुढची गोष्ट सरांनी तुकड्यातुकड्यांनी, तीनचार खेपांत सांगितली. बारीकचे आईवडील ज्यू, मूळचे पोर्तुगालकडचे, धर्माच्या जाचानं हॉलंडला येऊन राहिलेले. पोरगा हुशार. तेविसाव्या वर्षापर्यंत त्याच्या डोक्यात असे काही प्रश्न आले आणि ते त्यानं असे काही उघड विचारले, की त्याच्याच समाजानं त्याला वाळीत टाकलं. प्रार्थनेच्या जागी सगळ्यांसमोर शाप वाचला गेला. कुणी त्याच्याशी बोलू नये, कुणी त्याच्यापासून चार हातांच्या आत उभं राहू नये, त्यानं लिहिलेलं कुणी वाचू नये.

वाळीत म्हणजे काय हे मथुराला पुस्तकातून कळायची गरज नव्हती. तिच्या लहानपणी माहेरच्या बाजूला एक घर वाळीत होतं. त्या घरच्या म्हाताऱ्याला न्यायला चार खांदे मिळाले नव्हते, जावई आणि मुलगा दोघांनीच त्याला हातगाडीवरून नेलं होतं. तिनं चाक थांबवून विचारलं, की मग त्याच्या जेवणाखाण्याचं कोण बघायचं. सर हसले. इतकी वर्षं मी हे शिकवलं, म्हणाले, पण हा प्रश्न एकाही विद्यार्थ्यानं विचारला नाही. आठवून त्यांनी सांगितलं, की भाड्याच्या खोलीत राहायचा, दुधातली पातळ पेज करून खायचा, कधी त्यात लोणी, कधी मनुका.

"पेज खायचा?" मथुरा म्हणाली. "मग तो आमच्याकडचाच."

त्याचे विचार काय होते हेही तिनं हळूहळू काढून घेतलं. सर सांगत, की त्याच्या मते देव कुठं सिंहासनावर बसून रागावत किंवा प्रसन्न होत नाही. जे जे आहे ते सगळं त्याच्यातच आहे, दगड, झाड, वारा, माणूस. त्याचे नियम म्हणजेच सृष्टीचे नियम, आणि ते कुणासाठी बदलत नाहीत. बिनकारणाचं काही घडत नाही. आपल्याला कारण सापडत नाही तिथं आपण 'देवाची इच्छा' म्हणतो आणि शोधणं थांबवतो. माणसाच्या रागालोभाचंही तसंच. त्यालाही कारण असतं, आणि ते सापडलं की रागाची धार निम्मी होते. कौसरभाभी पुढच्या काउंटरवरून म्हणाल्या, की सर, हे तुम्ही आमच्या नणंदेला सांगून बघा.

मथुरा मात्र पूर्ण थांबली ती वेगळ्याच गोष्टीला. सर म्हणाले, की त्यानं आपलं म्हणणं भूमितीसारखं मांडलं. आधी व्याख्या, मग गृहीतकं, मग एकेक प्रमेय, आणि प्रत्येक प्रमेयाच्या शेवटी 'हेच सिद्ध करायचे होते'.

"देवाचं प्रमेय?"

"देवाचं, मनाचं, रागाचं, प्रेमाचं. सगळ्याचं."

त्या दिवशी संध्याकाळच्या एसटीत ती उभी होती, दप्तरवाल्या मुलींचे धक्के खात होती, आणि इंग्रजीत नापास झाल्याचं दुःख सत्तावीस वर्षांनी पहिल्यांदाच जरा कमी झालं होतं.

बारीक चव्वेचाळिसाव्या वर्षी छातीच्या रोगानं गेला. काचेची धूळ त्याला कारण झाली असावी असं म्हणतात, हेही सरांनी सांगितलं. मथुराला तेव्हा चव्वेचाळिसावंच चालू होतं. दुसऱ्या दिवशी तिनं भाभींना सांगितलं, की चाकावर कायम नळाचं पाणी पडलं पाहिजे आणि खोलीतली हवा बाहेर ओढणारा पंखा पाहिजे. भाभी म्हणाल्या, इतकी वर्षं चाललं ना. मथुरा म्हणाली, त्याचंही चव्वेचाळीस वर्षं चाललं होतं. आठवड्यात नळ आला, पंखा आला. कारण शोधलं की ते दूरही करता येतं, ही गोष्ट तिला तेव्हा प्रथम हाताला लागली.

आणि मग आनंदीबाईंच्या डोळ्यांचं निघालं.

दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. उजव्या डोळ्याला नुसता उजेड कळायचा, डाव्याला धुकं. वरण म्हणून त्यांनी एकदा भातावर ताक ओतलं आणि खापर मथुरावर फोडलं. मथुरानं त्यांना डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंकडं नेलं. डॉक्टरांनी तपासून मथुराला बाजूला घेतलं आणि सांगितलं, की उजवा फार पिकलाय, दोन महिन्यांच्या आत काढा. आत दाब वाढला तर मागची नस जाईल, आणि नस गेली की मग कुठल्याच ऑपरेशननं नजर परत येत नाही. तारीखही लिहून दिली.

आनंदीबाई घरी येऊन म्हणाल्या, "देवाला विचारल्याबिगर मी डोळ्याला सुरी लावायची नाय."

वाडीच्या देवळात कौल लावतात. गुरव देवापुढं गाऱ्हाणं घालतो, विचारायचं ते विचारतो, आणि पाण्यात भिजवलेल्या तगरीच्या दोन पाकळ्या देवाच्या दोन खांद्यांवर चिकटवतो. देवाच्या उजव्या खांद्यावरची आधी पडली तर होकार, डाव्या खांद्यावरची पडली तर नकार. शिवा गुरवानं आनंदीबाईंचा कौल लावला. डावी पडली. आनंदीबाईंनी हात जोडले, विषय संपला. हरिहरला टेम्पोचं काम आठवलं.

मथुरा त्या दिवशी सभामंडपात खांबाला टेकून बसली होती. तिच्या डोक्यात राग होता, आणि रागाला कारण असतं हे आठवून ती रागाऐवजी पाकळीकडं बघत बसली होती. तिला दिसलं, की डावी पाकळी पडायच्या आधी कडेनं उचलली गेली, थरथरली, मग गळली. उजवी पुढं कितीतरी वेळ ओलीचिंब होऊन दगडाला चिकटून होती. देवाच्या डाव्या हाताला गाभाऱ्याच्या भिंतीवर पंखा फिरत होता. दोन वर्षांपूर्वी देऊळ नवं केलं तेव्हा मुंबईच्या एका देणगीदारानं तो दिला. पात्यांवर त्याच्या वडिलांचं नाव रंगवलंय, तीन पात्यांवर तीन शब्द.

पक्ष, तिनं मनाशी म्हटलं. मग तिला वाटलं, एका पाकळीवरून प्रमेय होत नाही.

पुढचे दहा दिवस तिनं वाडीतल्या बायकांना गाठलं, नळावर, काजूच्या झाडाखाली, एसटीच्या थांब्यावर. देऊळ नवं झाल्यापासून कुणी काय विचारलं आणि कौल कुठला पडला. हे असं कुणी कुणाला विचारत नाही. डावा कौल म्हणजे देवानं नाही म्हटलेलं. आपल्यात काहीतरी कमी आहे म्हणून नाही म्हटलं असेल, असं प्रत्येकीला वाटत असतं आणि ती ते झाकून ठेवते. चिमाकाकूंनी घराला एक खोली वाढवायची विचारली होती, डावी. दोघींनी मुलींच्या शिक्षणाचं विचारलं होतं, दोन्ही डाव्या. एकीनं तर माहेरी जाऊ का एवढंच विचारलं होतं. तेही डावं. मथुरानं बोटांवर मोजलं. चौदा कौल, त्यातले तेरा डावे. उजवा एकच, श्रद्धाचा, नर्सिंगला जाण्याचा. कधी लावला होता, म्हणून मथुरानं विचारलं. श्रद्धा म्हणाली, गणपतीत, मुंबईकर आले होते तेव्हा.

मथुराला तिथंच रस्त्यात हसू आलं. मुंबईकर आले की देवळातला पंखा बंद ठेवतात. फिरत्या पात्यांवरचं नाव वाचता येत नाही, म्हणून देणगीदार गावात असेपर्यंत पंखा फिरत नाही.

तिनं हे हरिहरला सांगितलं. हरिहरनं ते पूर्ण ऐकलं, त्याला पटलं, आणि पटल्यामुळं तो जास्तच घाबरला. त्याचं घाबरणं खोटं नव्हतं, कारण बायकांना विचारत फिरल्याची बातमी गावकरांपर्यंत पोचली होती. गावकर म्हणजे वाडीचे पहिले मानकरी. त्यांना नावानं कुणी हाक मारत नाही. ते येऊन ओटीवर बसले, चहा घेतला, आणि हरिहरकडं बघून मथुराशी बोलले. वाडीत कौल मोडायची रीत नाही. ज्याला मोडायचा त्यानं मोडावा, पण मग वाडीचं येणंजाणं राहणार नाही, लग्नाला नाही आणि मयतालाही नाही. वाळीत हा शब्द त्यांनी वापरला नाही. त्याला आता कायदा आहे, आणि कायदा आल्यापासून तो शब्द कुणीच वापरत नाही.

खुर्शीद सरांना हे कळलं तेव्हा ते स्टुलावरून उठले. तक्रार करा म्हणाले, मी लिहून देतो. मथुरानं काच चाकावरून उचलली, पुसली, उजेडात धरली.

"कायदा गावकरांना गप्प करील, सर. पण आईंना गाडीत बसवणार नाय. त्यांचा कौल आत डोक्यात पडलाय, तो आधी काढायला पाहिजे."

सर म्हणाले, तुमच्या बारीकनं तर समाजाच्या दारात परत पाऊल टाकलं नाही. मथुरा म्हणाली, त्याला सासू नव्हती.

रविवारी सकाळी देवळात वाडीची बैठक होती. मथुरा आनंदीबाईंचा हात धरून गेली. त्यांना तिनं एवढंच सांगितलं होतं, की तुमच्या कौलाचं बोलायचंय, तुमच्या माघारी बोलणं बरं नाही. आनंदीबाई वाटेत म्हणत होत्या, की माझ्या मयताला कुणी आलं नाय तर मी तुझ्या मानेवर बसेन. मथुरा म्हणाली, बसा, पण दिसत असलं तर नीट बसाल.

बैठकीत बायका मागं बसतात आणि बोलत नाहीत. मथुरा उभी राहिली तेव्हा गावकरांनी हरिहरकडं बघितलं. हरिहर नेमका त्या दिवशी कुठं गेला नव्हता; खाली मान घालून का होईना, बसून होता. मथुरा म्हणाली, की मला कौल मोडायचा नाही, फक्त एक गोष्ट शिवाभावोजींना विचारायचीय. पंखा बसल्यापासून, तो चालू असताना, त्यांनी कधी उजवा कौल पाहिला का?

शिवा तिशीतला, बापामागं नुकताच गुरवकी बघू लागलेला. त्याच्यावर सगळ्यांचे डोळे लागले. त्यानं उपरण्यानं मान पुसली. खोटं बोलायचं तर देवाच्या दारात बोलावं लागणार होतं.

"नाय," तो म्हणाला. "वहिनी म्हणतात ते खरं आहे. मला वाटायचं माझंच गाऱ्हाणं चुकतंय. बाबा होते तवा असं नव्हतं."

मग मथुरानं सांगितलं, की पंखा उतरवून देवाच्या उजव्या हाताला स्टुलावर ठेवा आणि नुसत्याच पाकळ्या लावा, काही न विचारता. न विचारता लावल्या तर देवाला त्रास नाही. गावकर म्हणाले, हा काय खेळ आहे. पण चिमाकाकू मागून म्हणाल्या, की लाव रे शिवा, आमची खोली राहिली ती राहिलीच, कशानं राहिली ते तरी कळू दे. बैठकीत बाई बोलायची ही त्या दिवसातली दुसरी वेळ होती. तिसरी, चौथी मोजायला कुणी राहिलं नाही.

पंखा उजवीकडं ठेवला. उजवी पाकळी पडली. परत लावल्या, परत उजवी. पंखा डावीकडं नेला, डावी पडली. पुन्हा डावी. पुन्हा उजवीकडं नेला तेव्हा पाकळी पडायच्या आधीच दहाबारा माणसं "उजवी" म्हणाली आणि उजवीच पडली. पंखा बंद केला तर दोन्ही कितीतरी वेळ जागच्या हलल्या नाहीत. लोकांचे पाय अवघडले.

गावकरांचा चेहरा उतरला होता. ते वाईट माणूस नव्हेत. त्यांनी आयुष्यभर एक गोष्ट सांभाळली होती आणि ती एका टेबलफॅनएवढ्या वस्तूनं हलली होती. ते म्हणाले, म्हणजे देव खोटा असं म्हणायचंय का तुला.

मथुराला भीती वाटली ती तेव्हा. पण उत्तर तिच्याकडं तयार होतं, महिनोन् महिने चाकावर घासून तयार झालेलं.

"देव खोटा कसा असंल?" ती म्हणाली. "पाकळीत तो आहे, पाण्यात आहे, वाऱ्यात पण तोच आहे. वाऱ्यानं ओलं सुकतं हा नियम त्याचाच. तो आमच्या आईंसाठी एक आणि तुमच्यासाठी एक असा नियम करीत नाय, म्हणून तर तो देव. आपण त्याला पंख्यासमोर बसवलं आणि पंख्याचं बोलणं त्याच्या नावावर घातलं. चूक झाली ती आपली."

मग गावकरांनी विचारलं, आणि यावेळी थेट मथुराला विचारलं, की मग कौल लावायचाच नाही का. मथुरा म्हणाली, लावा की. ज्याचं उत्तर कुणालाच ठाऊक नाही ते देवाला विचारा. मोतीबिंदूचं उत्तर डॉक्टरीणबाईंना ठाऊक आहे, त्यासाठी देवाला कशाला उठवायचं? एक म्हातारा खोऽ खोऽ हसला. त्याच्यामागं बाकीचे हसले, आणि गावकरांनी शिवाला सांगितलं, की पंखा सभामंडपात नेऊन लाव, माणसांना वारा लागू दे.

घरी येताना मथुराचे पाय जमिनीला लागत नव्हते. हरिहर पुढं पुढं चालत वाटेतल्या प्रत्येकाला थांबवून सांगत होता, की आमच्या हिनं कसा पंखा फिरवला. हेच सिद्ध करायचे होते, असं मथुराला मोठ्या अक्षरात कुठंतरी लिहावंसं वाटत होतं. ओटीवर पाय ठेवताच आनंदीबाई म्हणाल्या, "सगळं खरं. पण मी जायची नाय."

मथुरा खालीच बसली. कौल नव्हता, वाडीचा धाक नव्हता, आणि तरी नाही. तारखेला नऊ दिवस राहिले होते. पंचवीस वर्षांत जेवढं बोलली नव्हती तेवढं बोलून टाकावं असं तिला वाटलं. तोंड उघडलं, आणि मग मिटलं. आपण समोरून बघतोय, तिच्या मनात आलं. घालणाऱ्याच्या बाजूनं बघितलंच नाही.

तिनं पाणी आणून दिलं आणि विचारलं, "आई, भीती कशाची वाटते?"

इतक्या वर्षांत हे त्यांना कुणी विचारलं नव्हतं. आनंदीबाईंनी पेला चाचपत खाली ठेवला. मग त्यांच्या थोरल्या बहिणीचं निघालं. चाळीस वर्षांपूर्वी कुठल्याशा शाळेत शिबिर भरलं होतं, तिथं तिचा डोळा काढला, म्हणजे मोतीबिंदू काढला, आणि पट्टी सोडली तेव्हा त्या डोळ्यानं उजेडही कळेना. बहीण म्हणाली होती, होता तेवढा धुरकट बरा होता गो. डावी पाकळी पडली तेव्हा आनंदीबाईंना वाईट वाटलं नव्हतं. सुटल्यासारखं वाटलं होतं.

मथुरानं त्यांना दुसऱ्या दिवशी दुकानात आणलं. आनंदीबाई तिथं पहिल्यांदा येत होत्या. कौसरभाभींनी त्यांना सरांच्या स्टुलावर बसवलं, चहा दिला, आणि मथुराचं असं काही कौतुक केलं की आनंदीबाईंना ऐकू कमी येत असल्याचं सोंग करावं लागलं. मथुरानं त्यांच्या एका हातात घासायच्या आधीची काच दिली, खरखरीत, आंधळी. दुसऱ्या हातात घासून साफ केलेली. बोटं फिरवा म्हणाली. आनंदीबाईंनी बोटं फिरवली.

"डोळ्यात देवानं अशीच एक काच घातलीय," मथुरा म्हणाली. "तुमची ह्या पहिलीसारखी झालीय. ती काढून दुसरी बसवायची. मावशींच्या वेळेला काढायचे, पण दुसरी बसवत नसत. टाके घालायचे, दिवसेंदिवस निजवून ठेवायचे. आता बारकीशी चीर, टाका नाय, संध्याकाळी घरी."

आनंदीबाईंनी गुळगुळीत काच अंगठ्यानं पुन्हा एकदा चाचपली. कड पाहिली, कुठं टोचते का. टोचत नव्हती.

"ही तू केलीस?"

"हो."

"भांडी नाय घासत तू?"

"घरी घासते," मथुरा म्हणाली.

ऑपरेशनच्या दिवशी सगळं वेळेवर झालं. फक्त आत नेताना आनंदीबाईंनी डॉक्टरीणबाईंचा हात धरून ठेवला आणि विचारलं, की तुम्ही माझ्या डोळ्यात घालताय ती काच माझ्या सुनेनं घासलेली आहे का. डॉक्टरांनी मथुराकडं पाहिलं. मथुरा खोटं बोलली नाही. म्हणाली, माझी नाही, आई, पण मी बघून घेतलीय, चांगली आहे. आनंदीबाईंनी हात सोडला.

दुसऱ्या दिवशी पट्टी काढली तेव्हा त्यांनी आधी भिंतीवरचं घड्याळ वाचलं. दहा वाजून वीस मिनिटं. मग डॉक्टरांच्या कपाळावरची टिकली कुठल्या रंगाची ते सांगितलं. मग मथुराकडं बघितलं, निरखून, वरपासून खालपर्यंत, आणि म्हणाल्या, "तुझे केस कधी पिकले गो?" मथुरा म्हणाली, तुमच्याच घरात. दोघीही हसल्या, आणि हसता हसता आनंदीबाईंच्या दोन्ही डोळ्यांतून पाणी आलं. डॉक्टर म्हणाल्या, रडू नका, थेंब वाया जातील.

वाडीत येणंजाणं बंद झालं नाही. उलट इतकं वाढलं की मथुराला सुट्टीच्या दिवशी जेवायला फुरसत मिळेना. चिमाकाकूंनी खोलीचा पाया खणायला घेतला. ज्या दोघींनी मुलींच्या शिक्षणाचं विचारलं होतं त्यांतल्या एकीची मुलगी आता रोज मथुराबरोबर एसटीनं कॉलेजला जाते. दुसरीच्या मुलीचं लग्न ठरून गेलं होतं, तिचं मात्र काही करता आलं नाही. गावकर एका संध्याकाळी येऊन इकडचं तिकडचं बोलत बसले, आणि जाता जाता हळूच म्हणाले, की मलाही अलीकडं दिव्याभोवती कडी दिसतात. मथुरानं त्यांना डॉक्टरांचं नाव लिहून दिलं.

खुर्शीद सरांनी हे सगळं ऐकलं आणि चष्मा नसलेल्या डोळ्यांनी मथुरा असेल त्या दिशेला बघून म्हणाले, की बाई, तुम्ही बारीकच्या एक पाऊल पुढं गेलात. त्याला वाळीत टाकलं, तुम्ही वाडीलाच परत घरात घेतलंत. मथुरा म्हणाली, तो एकटा होता, सर. मला तेरा बायका होत्या.

राहिला होता डावा डोळा. तो कधी करायचा हे मथुरानं विचारलं नाही. तपासणीला नेलं तेव्हा ती पावतीच्या रांगेत उभी होती आणि तिला मागून आनंदीबाईंचा आवाज ऐकू आला. त्या नर्सशी तारखेवरून वाद घालत होत्या. नर्स सांगत होती, की आजी, तुम्ही म्हणता त्या मंगळवारी अमावास्या आहे, त्या दिवशी कुणी ऑपरेशन करून घेत नाही, डॉक्टरांची यादी रिकामी असते.

"रिकामी असते ना? मग माझा नंबर पहिला लाव," आनंदीबाई म्हणाल्या. "डॉक्टरीणबायला अमावास्येला दिसतं का नाय दिसत, तेवढं विचारून ये."

नर्स खरोखरच आत गेली. आतून हसण्याचा आवाज आला आणि ती बाहेर आली.

"दिसतं म्हणाल्या."

"मग लिही. आनंदीबाई भातडे. डावा डोळा."